रशियनांसाठीचा शेवट

बर्लिन, ८ जून १९१३

ताई,

कोट पोचला. देवा, काय तो डांबराच्या गोळ्यांचा वास! पार्सल उघडलं आणि मिनिटभर मी तुझ्या रीगाच्या घरातच उभी होते. भावोजींना सांग, दोरी इतकी घट्ट बांधली होती की आमच्या घरमालकिणीची कात्री मोडली. ती बया तेव्हापासून माझ्याशी बोलत नाही.

तू विचारलंस, भर उन्हाळ्यात केसाळ कॉलरचा कोट कशाला? अगं, सिनेमात लागतो. मुकुट, चिलखतं कंपनी देते, पण आजकालच्या बाईचे कपडे ज्या त्या नटीनं घरून आणायचे, असा इथला रिवाज. जिच्याकडे चांगला कोट, तिलाच मोठं काम. आणि आपल्या घरात चांगला कोट कुणाकडे, ते तर बाबांच्या वेळेपासूनच ठरलेलं आहे. मला तुझे जुने. असो.

चित्राचं नाव 'काचघराची राणी'. सिनेमातल्या बाईवरच सिनेमा. ही बाई आपलं लेकरू माळ्याच्या बायकोकडे ठेवून शहरात येते, काचघरात, म्हणजे सिनेमा काढतात त्या काचेच्या खोलीत, उभी राहून नाव कमावते, छातीचं दुखणं लावून घेते आणि शेवटी सगळं सोडून लेकराकडे परत जाते. आमचे दिग्दर्शक ब्रुंकसाहेब गोष्ट सांगत होते आणि मी मान खाली घालून बसले होते. म्हटलं, यांना माझं कुणी सांगितलं की काय?

काल शेवट काढला. गच्चीवर सगळीकडून काचा, वरून ऊन, खाली पोतीच्या पोती मिठाचा बर्फ आणि मी तुझ्या कोटात. तोंडाचा रंग ओघळून कॉलरवर आला (पुसलाय, ओरडू नकोस). फाटकाशी येते, घराचं दार उघडतं, पोर धावत येते आणि मी तिला उचलते. पोर आमच्या गल्लीतल्या खाटकाची, अंगाला सॉसेजचा वास. पण मी डोळे मिटले आणि उर्सेललाच उचललं, ताई. कॅमेऱ्याचं हँडल फिरवणारा दांडगा माणूस, तोसुद्धा नाक ओढायला लागला.

झालं म्हणून मी कोट काढते, तर ब्रुंकसाहेब म्हणतात, "थेआबाई, कोट राहू द्या. आता मरा."

"म्हणजे?"

"रशियनांसाठी. तिकडच्या व्यापाऱ्याला गोड शेवट चालत नाही. बाई मेल्याशिवाय त्यांचे लोक घरी जात नाहीत."

मग काय! त्याच फाटकाशी, त्याच मिठात पडले आणि मेले. खाटकाची पोर खिडकीतून बघतेय, दार बंद. एका दमात मेले. ब्रुंकसाहेब म्हणाले, सुरेख. मेलेल्या बाईला घाम येतोय, तेवढं मॉस्कोवाल्यांनी बघू नये म्हणजे झालं.

माझी उर्सेल कशी आहे? दोन वर्षांची तुझ्या ओटीत टाकून आले, आता पाच वर्षांची झाली. कंपनी नव्या वर्षापासून मला कायमचं घेतेय. दोन खोल्या बघतेय. मग तिला घेऊन जाईन. तू जे केलंस ते दुसऱ्या कुणा बहिणीनं केलं नसतं.

तुझी थेआ

---

रीगा, २३ जून १९१३
(तुमच्या बर्लिनच्या तारखेनं. आमच्याकडे झारची कृपा, अजून दहाच तारीख आहे.)

थेआ,

कॉलरवर रंग पडला हे तू कंसात सांगतेस. वा! माझा लग्नातला कोट, त्यात तू घाम गाळलास, मिठात लोळलीस आणि वर मेलीस. आता तो मी अंगावर घालू कसा?

तुझं चांगलं चाललंय, आनंद आहे. हो, आहे. दात ओठ खाऊन का होईना, आहे. बाबा म्हणायचे, गळा ऑटिलीचा आणि पाय थेआचे. शाळेच्या नाटकात मी बोलायचे आणि तू झाड व्हायचीस. तुझा आवाज म्हणजे तेल न घातलेली बिजागरी. इथल्या नाट्यगृहातून तुला दोन महिन्यांत काढलं ते विसरलीस? आता देवानं असा धंदा काढलाय की तिथे आवाजच लागत नाही, आणि झाडाची राणी झाली. कोपऱ्यावरच्या कागदवाल्याच्या खिडकीत तुझं पोस्टकार्ड टांगलंय. ज्या बायका मला बाईसाहेब म्हणायच्या, त्या आता थांबवून विचारतात, "तुम्ही तिच्या बहीण ना?" जन्म गेला या गावात. मला माझं नाव होतं.

उर्सेल मजेत आहे. तिला दूध सायीशिवाय लागतं. गाजर खात नाही, पण तुझ्या भावोजींनी, आर्विदनं, गाजराला मिशा काढून दिल्या की खाते. तिला एक दात येतोय, एक पडलाय. यातलं तुला काय माहीत असणार? उंटावरून शेळ्या हाकणं सोपं असतं. दोन खोल्या बघतेस! तू दिवसभर काचेत, पोरगी दिवसभर कुणाकडे? कात्रीवाल्या घरमालकिणीकडे?

परवा बाजारात मासेवालीसमोर उर्सेल मला 'आई' म्हणाली. मी काही तिला दुरुस्त केलं नाही. मासेवालीसमोर तमाशा कशाला?

ऑटिली

---

बर्लिन, २६ ऑक्टोबर १९१३

ताई,

चार महिने तुला लिहिलं नाही, कारण लिहायला बसले की मासेवाली आठवायची. मी बर्लिनच्या बाजारात जाते तेव्हा लहान पोरींचे हात धरून चाललेल्या बायका दिसतात, आणि खरं सांगते, त्यांचा मला राग येतो. गाठोडं घेऊन चाललेल्या फाटक्या बाईचासुद्धा. मग तुझा नाही का येणार? तिला 'मावशी' म्हणायला शिकव. तेवढं तरी कर.

आता दुसरं. 'काचघराची राणी' लागली! पहिल्या खेळाला मी मागच्या रांगेत, डोक्यावरून शाल घेऊन बसले होते. फाटकाशी आले, दार उघडलं, पोर धावली, मी उचललं, आणि सगळं थिएटर एकदम टाळ्या वाजवायला लागलं. शेजारच्या म्हातारीनं माझा हात धरला. म्हणाली, "बरं झालं हो, पोहोचली बिचारी!" मी कोण ते तिला ठाऊक नव्हतं. मी म्हटलं, हो, पोहोचली.

ताई, महिन्याभरात चित्र रीगाला येतंय, कंपनीतून कळलं. उर्सेलला ने. पुढच्या रांगेत बसव. मी तिला भेटत नाही, उचलत नाही, पण तो शेवट मी तिच्यासाठीच केलाय. तिला दाखव, तिची आई परत येते. पत्रातून हे सांगता येत नाही, ती वाचत नाही आणि तू वाचून दाखवतेस की नाही, मला शंका आहे. डोळ्यांनी बघू दे. तेवढं केलंस तर मासेवालीचं मी विसरेन.

थेआ

---

रीगा, २४ नोव्हेंबर १९१३

थेआ,

पाहिलं चित्र. उर्सेललाही नेलं होतं. तुझी कामं लोकांना आवडतात असं दिसतं, बायका रडत होत्या.

उर्सेलला सर्दी आहे, म्हणून तिच्या हातची रेघोटी पाठवत नाही. आर्विदचा नमस्कार.

ऑटिली

---

बर्लिन, १२ डिसेंबर १९१३

ताई,

हे पत्र झालं की तार? मी महिनाभर वाट बघितली आणि मला मिळालं काय, तर 'सर्दी आहे'. अगं, ती काय म्हणाली? मला ओळखलं का? दार उघडलं तेव्हा तिचा चेहरा कसा होता? तुला एरवी शेजारणीच्या कुत्र्यावर दोन पानं लिहिता येतात. तुझ्या पोटात दुखतंय, दुसरं काही नाही. सगळं थिएटर माझ्यासाठी रडलं आणि तुझ्या मांडीवरची पोर मला 'आई' म्हणाली असेल, ते तुझ्या घशाखाली उतरत नाही. म्हणाली ना? सांग की!

नाताळची बाहुली पाठवलीय. डोळे मिटते. 'आईकडून' म्हणून दे.

आणि ऐक, मी फेब्रुवारीत येतेय. खोल्या मिळाल्या, दोन्हींना खिडक्या आहेत. उर्सेलची खाट घेतली, पांढरी. खालच्या मजल्यावर एक शिक्षिका राहते, ती दिवसा बघेल. पोरीची गाठोडी बांधून ठेव, मी फार दिवस थांबू शकणार नाही.

तुलाही आता विसावा मिळेल, ताई. तीन वर्षं पुष्कळ केलंस. घर सुनं वाटलं तर एखादं मांजर पाळ.

थेआ

---

रीगा, ९ जानेवारी १९१४

थेआबाई, काचघराच्या राणीसाहेब,

मांजर?

बरं. तुला ऐकायचं होतं ना, पोरगी काय म्हणाली? ऐक मग. नीट बसून ऐक.

तिला नवा झगा घातला होता. दुसऱ्या रांगेत, माझ्या मांडीवर. पडद्यावरच्या अक्षरांच्या पाट्या, वर रशियन आणि खाली जर्मन, मी तिच्या कानात वाचत होते. तू पडद्यावर आलीस तशी ती उभीच राहिली. "मावशीचा कोट!" ओरडली. तुला नाही, राणीसाहेब, आधी कोट ओळखला. माझा. मग थोडी थांबली आणि म्हणाली, "आत आई आहे." मी तिला तुझी पोस्टकार्डं दाखवते, तेवढी वाईट मी नाही. मागची सगळी माणसं हसली. तिनं लक्ष दिलं नाही. पुढचा सगळा वेळ माझं बोट धरून, तोंड उघडं ठेवून बघत होती. एवढ्या वेळात माझ्याकडे एकदासुद्धा पाहिलं नाही. एकदासुद्धा.

मग तू फाटकाशी आलीस. मला वाटलं, आता दार उघडेल, तुझ्या पत्रात उघडलं होतं. नाही उघडलं. तू बर्फात पडलीस. पोर खिडकीतून बघत राहिली. तुझा हात एकदा हलला, मग तोही थांबला. तेव्हा मला आठवलं, रशियनांसाठी!

अगं अक्काबाई, रीगा कुणाची? आमच्या चौकात पुतळा कुणाचा? आमच्या नाण्यावर डोकं कुणाचं? तुमचा व्यापारी मॉस्कोत बसून जी प्रत घेतो तीच इथे येते. तुझा गोड शेवट बर्लिनच्या म्हाताऱ्यांना. तुझ्या लेकीला मरण.

उर्सेल म्हणाली, "तिला ऊठ म्हणा." पियानोवाला वाजवतच होता. दिवे लागले, लोक नाकं पुसत बाहेर पडले. मी सांगायला तोंड उघडलं की अगं सोने, खोटं असतं ते. उघडलं आणि मिटलं. का मिटलं, तेही सांगते, लाजत नाही मी: ती माझ्या गळ्यात पडली होती. दोन्ही हातांनी. तीन वर्षं मी तिची आजारपणं काढली, उवा काढल्या, पण इतकं घट्ट तिनं मला कधीच धरलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी जेवताना विचारलं, "आई मेली ना?" मी म्हटलं, सूप गार होतंय. आर्विद म्हणाला, "ऑटिली, पोरीला खरं सांग." मी म्हटलं, तू दुकानात जाऊन तुझे हातमोजे विक. तुझी बाहुली आली ती मी दिली म्हणून सांगितलं. तिनं बाहुलीच्या हाताला बांधायला काळी फीत मागितली. मी दिली.

आता मला ती सरळ 'आई' म्हणते. बाजारात, देवळात, सगळीकडे. ये फेब्रुवारीत. आयत्या बिळावर नागोबा होऊन ये. पण मेलेली बाई दारात उभी राहिल्यावर पाच वर्षांच्या पोरीला काय वाटेल, त्याचा विचार करून ये.

ऑटिली

---

बर्लिन, १५ जानेवारी १९१४

तुला ताई लिहायला हात उचलत नाही.

पत्र वाचलं आणि तशीच काचघरात गेले. दिवसभर एका लग्नाच्या जेवणाचं काम होतं, मी करवली. हसायचं होतं. हसले. ब्रुंकसाहेब म्हणाले, आज काय झालंय तुम्हाला, इतकं छान कधी हसला नव्हतात.

चूक माझी आहे, ती मी नाकारत नाही. 'रशियन' म्हटलं की माझ्या डोळ्यांसमोर दाढ्या येतात, मॉस्को येतं. रीगा येत नाही. रीगा म्हणजे आपला पाव, आपलं देऊळ, आपली गाणी, बाबांचं दुकान. जिथे आपण शिव्या जर्मनमध्ये खाल्ल्या ते गाव रशियनांचं आहे, हे मला एकदासुद्धा सुचलं नाही. माझ्या हातांनी मी माझ्या लेकीला ते बघायला पाठवलं.

पण चूक एका संध्याकाळची होती. तू ती जेवणाच्या टेबलाशी दोन महिने वाढत राहिलीस. पोर आईचं सुतक पाळतेय आणि तू फीत कापून देतेस! मला तुझा हेवा वाटायचा, तो कोटाचा, गळ्याचा, भावोजींसारख्या साध्या माणसाचा. आता नाही वाटत. आईपण हवंहवंसं वाटणं समजतं मला. पण त्यासाठी आई मारावी लागते का?

मी ११ फेब्रुवारीला येतेय. त्याआधी तिला खरं सांग. तू मोडलंस, तूच जोड.

थेआ

---

रीगा, २ फेब्रुवारी १९१४

सांगायला बसले होते. तीनदा बसले. ती म्हणते, "आई, तू का रडतेस?" आणि मग माझ्याच्यानं पुढे बोलवत नाही.

मी मिताऊला आर्विदच्या बहिणीकडे जातेय. तू तिला घेऊन जाताना मला बघायचं नाही. मला वाईट म्हण, भित्री म्हण, काय म्हणायचं ते म्हण. आर्विद घरी असेल. गरम बनियन वरच्या खणात आहेत.

ऑटिली

---

बर्लिन, ३ मार्च १९१४

ताई,

लिहिणार नव्हते. पण भावोजींना वचन दिलंय, त्यांनी माझे पाय धरायचे तेवढे बाकी ठेवले होते.

तू पळालीस. मी दारात उभी राहिले, तुझा कोट घालून. मुद्दाम घातला होता, म्हटलं, पोरीनं ओळखावं. भावोजींनी तिला पुढे आणलं. ती घाबरली नाही, ताई. तुला वाटलं होतं ना, किंचाळेल? तिनं कोटाला हात लावला, वास घेतला, आणि भावोजींना म्हणाली, "हा आपला कोट परत आणला या बाईंनी."

मी खाली बसले. म्हटलं, "उर्सेल, मी आई."

तिनं माझ्याकडे नीट बघितलं आणि समजावून सांगितलं, जसं वेड्या माणसाला सांगतात तसं. "नाही. माझी आई मेली. आणि ती बोलत नव्हती."

बिजागरी म्हणालीस ना माझ्या आवाजाला? त्या क्षणी वाटलं, हा आवाज कापून फेकावा.

मग मी गप्पच बसले. दुसरं काय येतं मला? उठले, दारापर्यंत मागे गेले, दार म्हणजे फाटक धरलं. तिथून चालत आले, जशी त्या काचघरात आले होते, छाती धरून, थांबत थांबत. पडले नाही. हात पुढे केले. बर्लिनवाल्यांचा शेवट केला मी तुझ्या बैठकीच्या खोलीत, एका माणसासाठी. भावोजी कोपऱ्यात उभे राहून टिपं गाळत होते, हँडल फिरवणाऱ्यासारखे.

ती आली. धावत नाही, एकेक पाऊल टाकत. येऊन माझ्या बाहीला गाल लावून उभी राहिली.

मग मी बोललेच नाही. तुझ्या घरी दोन दिवस होते, एक शब्द नाही. भावोजी सांगायचे, "आई दमलीय." ती मान हलवायची, मरून आलेली माणसं दमणारच. मला ती सगळं बोलून दाखवायची, तुझ्याबद्दलसुद्धा. 'मावशी म्हणाली' असं हळूहळू परत आलं तिच्या तोंडात, कारण आई आता मी होते, मुकी. भावोजी गाजराला मिशा काढतात हे मला माहीत होतं. पण त्या मिशांना तुम्ही दोघी नाव ठेवता, कर्नल, ते पत्रात लिहिलं नव्हतंस. ऐकून मी जळले. मुकीला जळायला चांगलं असतं, कुणाला कळत नाही.

गाडीतही गप्प. माझ्या मांडीवर डोकं ठेवून झोपली. मी म्हटलं, अशीच गप्प राहीन, जन्मभर राहीन, काय बिघडलं? आणि सरहद्द आली. मिशाळ शिपाई डब्यात चढला, कागद बघितले, दरडावून विचारलं, "पोर कुणाची?" मी मान हलवली, छातीवर हात ठेवला. तो खेकसला, "तोंड नाही का? पोर कुणाची?" शेजारचा म्हातारा माझ्याकडे संशयानं बघायला लागला. मुलं पळवणारी बाई म्हणून मला खाली उतरवतात की काय!

मी म्हटलं, "माझी."

उर्सेल जागी झाली होती. शिपाई गेला. ती उठून बसली.

"तू बोलतेस."

"हो, सोने."

"मग तू ती नाहीस."

बर्लिनपर्यंत खिडकीकडे तोंड करून बसली. रडली असती तर बरं झालं असतं.

आता तीन आठवडे होत आलेत. पहिल्या आठवड्यात एकच शब्द बोलली, "दूध". मी साय घातली तर बोटानं बाजूला काढली. तिला सायीशिवाय लागतं, तू लिहिलं होतंस, मी विसरले. परवा मी तिला काचघरात नेलं. मिठाचं पोतं दाखवलं, चाखवलं. खाटकाची पोर तिथे होती, तिनं सांगितलं, "ही पडली, मग उठली, मग आम्ही लिंबू सरबत प्यालो." उर्सेलनं ते तिच्याकडून दोनदा वदवून घेतलं. माझ्याकडे बघितलं नाही. पण घरी येताना बाहुलीच्या हाताची काळी फीत सोडून खिशात ठेवली.

कोट वेगळा पाठवतेय. धुऊन घेतलाय.

थेआ

---

रीगा, ३० जून १९१४

थेआ,

कोट आला. अंगात घातला नाही, उन्हातही टाकला नाही. तसाच आहे.

तुझी पत्रं आर्विदला येतात आणि तो मोठ्यानं वाचतो, मी स्वयंपाकघरात भांडी जोरानं आपटते. तरी ऐकू येतं. उर्सेल शिक्षिकेकडे अक्षरं शिकते. उर्सेलला काचघरात गर्दीत उभं केलं, फुलांची टोपली दिली. उर्सेल हल्ली 'मम्मी' म्हणते. चांगलं आहे. मला काय! कागदवाल्यानं तुझं नवं पोस्टकार्ड लावलंय, मी आता पलीकडच्या फुटपाथनं जाते.

मी क्षमा मागणार नाही. मागितली तर तू देशील आणि मग मला तुझे उपकारही सोसावे लागतील. तू तिला न्यायला आलीस तेव्हा मी घरी राहायला हवं होतं, हे मात्र रोज वाटतं. ती जाताना मागे वळून बघत होती की नाही, ते आर्विद धड सांगत नाही.

एकच विचारते, आणि खरं सांग. सिनेमा करू नकोस माझ्याशी. शनिवारी तिचे केस धुताना डोळ्यांत साबण गेला की ती बोंब मारते. डोळे मिटून, हात पुढे करून, घर डोक्यावर घेते. तेव्हा ती कुणाला हाक मारते?

ऑटिली

---

बर्लिन, ८ जुलै १९१४

ताई,

आता ती मला 'मम्मी' म्हणते, शाळेच्या दारात पोरींसमोर जरा जास्तच मोठ्यानं म्हणते. माझ्या मांडीवर बसते. काल माझ्या आवाजाची नक्कल करून शिक्षिकेला हसवलं. हे सगळं खरं आहे, आणि तुला वाईट वाटावं म्हणून लिहिलंय, तेही खरं आहे.

शनिवारी ती "मावशी, टॉवेल!" म्हणून ओरडते.

मी टॉवेल तिच्या हातात देते, तोंड पुसते, आणि तिनं डोळे उघडेपर्यंत एक शब्द बोलत नाही.

थेआ